गॅलरीचा डावा तुकडा

ब्राह्मणपुरीतल्या अंबालालभाईंच्या बंगल्याची गॅलरी जामसिंगमुळे पडली नाही, माझ्यामुळे पडली. एवढं एक वाक्य मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. आप्पांना सांगितलं नाही, मायला नाही, लग्नानंतर बायकोला नाही. आप्पा तर गेलेच. आता पन्नाशी उलटली, साखर निघाली, डाव्या डोळ्याचं ऑपरेशन झालं, आणि मुलगा म्हणतो, साइटवर येत जाऊ नका, घरी बसा. घरी बसलो की हे वाक्य समोर येऊन बसतं. म्हणून लिहितोय. माझं लिखाण म्हणजे आजवर मोजमापाची वही, त्यामुळे चुकेल तिथे चुकेल.

आमचं घर रनाळ्याचं. आप्पा मुळातले गवंडी. थापी धरून सुरुवात केली आणि हळूहळू घरंच्या घरं अंगावर घेऊ लागले. सकाळी ते ओट्यावर बसून ओळंब्याचा दोर तपासायचे, गाठी सोडवायचे, थापीला तेलाचा बोळा फिरवायचे. आत मायचा भाकरी थापण्याचा आवाज, आणि हिवाळ्यात वारा नंदुरबारकडून आला की वाळत घातलेल्या मिरचीच्या पथारींचा खाट, म्हणजे तिखट ठसका, घरात शिरायचा, मग सगळे एकापाठोपाठ खोकायचे. कळण्याची भाकर, वर कच्चं तेल, ठेचा, आणि पितळीच्या कडेला कांद्याची अर्धी फोड. आप्पा जेवताना बोलत नसत. त्यांच्या कपड्यांना सिमेंटचा वास असायचा, तो धुऊनही जायचा नाही. माय म्हणायची, "तुम्हना अंगवर पानी मारं तं तुम्ही बी पक्का व्हई जाशात." ती एकटीच त्यांची अशी थट्टा करू शके. मला त्यांनी हट्टाने शिकवलं, सिव्हिलचा डिप्लोमा केला मी. निकालाच्या दिवशी त्यांनी साइटवरची, पाणी भरून पातळी बघायची मोठी लेव्हलची नळी माझ्या हातात दिली. तोवर ती त्यांनी कुणाला धरू दिली नव्हती.

अंबालालभाईंचं काम आलं तेव्हा मला डिप्लोमा होऊन सहा-सात महिनेच झाले होते. माणूस मोठा बागायतदार, गुजर, केळी आणि ऊस, दाराशी दोन ट्रॅक्टर. बोलणं गोड पण मनात आलं की आलं. त्यांच्या घरात आम्हाला पितळी ग्लासात ताक मिळायचं आणि ते स्वतः पाटावर बसून नकाशावर बोट फिरवायचे. बोट समोरच्या बाजूला आलं की थांबायचं. "आठे गॅलरी. सुरतले देखी ऊनू मी. खाले खांब नही, नी वर दहा मानसं बठेल चहा पी ऱ्हायनात." खाली खांब नको याला कारणही होतं, तिथूनच ट्रॅक्टर वळायचा होता. आप्पांनी तोवर खिडकीवरचे छज्जे ओतले होते, दीड-दोन फुटांचे. ते म्हणाले, "पाच फूट? खाले काहीच नही? हवामा?" मी लगेच म्हणालो, "व्हस आप्पा. डिझाइन करी घिऊत." आप्पांनी माझ्याकडे बघितलं. त्या बघण्यात जे होतं तो मला तेव्हा अभिमान वाटला. आज मुलाकडे बघताना माझ्या डोळ्यांत तेच येतं आणि मला कळतं, ती भीती होती.

शहाद्याच्या इंजिनिअरने नकाशा करून दिला. त्याने एक गोष्ट मला दोनदा सांगितली. घराच्या आतल्या स्लॅबला लोखंड खालच्या अंगाला लागतं, पण भिंतीबाहेर नुसत्या अधांतरी निघालेल्या गॅलरीला ते वरच्या अंगाला लागतं. गॅलरी खाली झुकायला बघते तेव्हा तिला वरून ओढून धरणारं हवं. लोखंड दोन-तीन इंच खाली गेलं की ते असून नसल्यासारखं. हे मी कॉलेजात शिकलो होतो, परीक्षेत आकृती काढून मार्क घेतले होते. हे मला माहीत नव्हतं असं मी कधीच म्हणू शकत नाही.

आप्पांनी साइट माझ्यावर सोपवली. पाया आखण्यापासून बाहेरच्या प्लास्टरपर्यंत सांगाडा उभा करणं माझ्याकडे, बाकी आतलं ते बघणार. माणसं ठरवायची, वाळू-खडी वेळेवर आणायची, कॉलम ओळंब्यात आहेत का बघायचे, विटांना रोज पाणी मारून घ्यायचं. आणि लोखंडाला जामसिंग.

जामसिंग पावरा तळोद्याच्या वरचा, डोंगरातला. जीपने जिथवर जाता येई तिथून पुढे तो दोन तास चालायचा. शेतातलं आवरलं की सुरमीला, म्हणजे बायकोला, आणि पोरांना घेऊन खाली उतरायचा आणि साइटच्या कडेला पत्र्याची खोली करून राहायचा. आप्पांकडे तो चार-पाच वर्षांपासून होता. त्याला अक्षर येत नव्हतं, पण नकाशा जमिनीवर पसरला की गुडघ्यावर बसून तो बोटाने सळया मोजायचा आणि जिथे चूक असेल तिथे बोट ठेवून गप्प राहायचा. आपण ओळखायचं. हातात लोखंडी आकडा, तारेचा वेढा घालून दोन गिरक्या, कट्ट करून गाठ बसली. दिवसभर ती कट्ट-कट्ट चालायची, दुपारी सगळे झोपले तरी. मी नवा होतो तेव्हा त्याने माझ्या हातात आकडा दिला आणि माझी गाठ सैल बसली की हसून म्हणायचा, "भाऊ, हाई गाठ तं बकरी बी सोडी टाकी."

दुपारी मी डबा घेऊन त्यांच्या चुलीशी बसायचो. सुरमी मक्याची भाकर टाकायची, जाड, कडेला करपलेली, आणि उडदाची घट्ट दाळ. माझ्या डब्यातला ठेचा ती जिभेवर लावून बघायची आणि तोंड वाकडं करून म्हणायची, "तुन्ही मायना हात बी जळी जात व्हई." ते दोघं आपसात पावरीत बोलायचे, मला कळायचं नाही, पण हसू आलं की मी समजायचो की विषय मी आहे. त्यांच्या चुलीशी मला साहेबासारखं वागावं लागत नसे. हे आज लिहिताना हात थांबतो.

गॅलरीचं लोखंड जामसिंगने तीन दिवस बांधलं. वरच्या सळया वरच राहाव्यात म्हणून त्याने सळईचेच तुकडे वाकवून छोट्या तिपाया केल्या होत्या, आम्ही त्यांना घोड्या म्हणायचो. हाताच्या वितीवर एक-एक घोडी. मी नकाशा घेऊन फिरलो, टेप लावला, सगळं जिथल्या तिथे. त्या संध्याकाळी गॅलरीचं लोखंड जसं होतं तसंच ओतलं गेलं असतं तर मला हे प्रकरण लिहावं लागलं नसतं.

स्लॅबच्या दिवशी आमच्याकडे घरमालक कामगारांना जेवण देतो. अंबालालभाईंनी वरण-बट्टीचा बेत केला होता. सकाळपासून मागच्या वाड्यात गोवऱ्यांचा धूर, बट्ट्या भाजल्याचा खरपूस वास, वांगी घोटल्याचा धपधप आवाज. आणि पहिलं घमेलं घरच्या लक्ष्मीच्या हातचं पडतं. अंबालालभाईंच्या बायकोला सगळे काकू म्हणायचे. त्या हिरवं लुगडं नेसून, हातात आरतीचं ताट घेऊन आल्या, मागे सुना, भावजया, नणंदा, शेजारणी. शहाद्याहून फोटोवाला आणला होता.

रीत अशी की हे पहिलं घमेलं आतल्या एखाद्या कोपऱ्यात टाकतात, बीमच्या तोंडाशी. तिथे पायाखाली भक्कम फळ्या असतात. फोटोवाला म्हणाला, कोपऱ्यात अंधार आहे, मागे नुसती भिंत येते. मी म्हणालो, "गॅलरीवर या. समोरच्या घराच्या गच्चीवरून फोटो काढा, अख्खा बंगला येईल." हे मी म्हणालो. कुणी सुचवलं नव्हतं. काकूंना हात देऊन मीच पुढे नेलं, सगळ्या बायकांना मीच ओळीने उभं केलं, कडेपर्यंत सरका म्हणून मीच सांगितलं. अंबालालभाईंना, त्यांच्या भावांना, पोरांना. पंचवीस-तीस माणसं त्या उघड्या लोखंडावर उभी, चपला काढून, अनवाणी, एकमेकांना धरून हसत. "हाऊ सुनीलभाऊ तं पक्का इंजिनीअर शे," काकू म्हणाल्या. मी सगळ्यांच्या पुढे उभा राहिलो. तो फोटो अजून अंबालालभाईंच्या बैठकीत आहे. त्यात सगळ्यांच्या पायाखालचं लोखंड दिसतं.

घमेलं पडलं, नारळ फुटला, बायका खाली उतरल्या आणि मिक्सर धडधडायला लागला. जामसिंग आतल्या बीमशी होता, तो तेव्हा आला. गॅलरीपाशी उकिडवा बसला. एका सळईवर बोट ठेवलं. मग दुसऱ्या. मग उठून माझ्याकडे आला. "भाऊ, थांबाड. मिक्सर बंद कर." मी विचारलं, काय झालं. "लोखंड खाले दबी गयं. घोड्या बठी गयात. अर्धा घंटा दे, सोडीसन परत बांधस मी."

आप्पा त्या दिवशी तळोद्याला दुसऱ्या कामावर होते. जाताना एकच सांगून गेले होते, एकदा मिक्सर चालू झाला की थांबवायचा नाही, स्लॅबला सांधा पडतो. ते मला कारण म्हणून आज सुचतं. तेव्हा कारण दुसरंच होतं. खाली अंगणात अंबालालभाई खुर्ची टाकून बसले होते, बायका वर बघत होत्या, आणि दोन मिनिटांपूर्वी मला पक्का इंजिनीअर म्हटलं होतं. आता मी मिक्सर बंद करून काय सांगू, की तुम्हाला जिथे उभं केलं तिथे उभं करायला नको होतं? मी मोठ्याने म्हणालो, सगळ्यांना ऐकू जाईल असं, "जामसिंग, इंजिनीअर तू शेस का मी शे?"

खडीवर काम करणारं कुणीतरी हसलं. "जामसिंग, तुले बी आते कालेजमा टाकनं पडी!" मग सगळेच हसले. अंबालालभाईही. जामसिंग हसला नाही, रागावलाही नाही. माझ्याकडे बघत राहिला, नकाशातल्या चुकीवर बोट ठेवून बघायचा तसं. मी म्हणालो, "चालू दे."

तो गेला नाही. गॅलरीच्या डाव्या टोकाला जाऊन बसला आणि आकड्याने एक-एक सळई वर ओढायला लागला. एक हात सळईखाली, दुसऱ्या हाताने आकडा, आणि मागून माल ओतला जातोय. काँक्रीटमध्ये मनगटापर्यंत हात. ओढायचा, खाली खडीचा तुकडा सारायचा, पुढची. असा त्याने गॅलरीचा साधारण तिसरा हिस्सा उचलला असेल. मिक्सरवाले खोळंबायला लागले, आणि मला ते सहन होईना, कारण तो तिथे बसला होता म्हणजे मी चुकलो होतो हे सगळ्यांना दिसत होतं. मी ओरडलो, "जामसिंग, खाले जाय, मिक्सरवर मानूस कमी शे." तो उठला. हात लुंगीला पुसले आणि खाली गेला. उरलेली गॅलरी मी उभा राहून ओतून घेतली. वरून फळी फिरवली, गुळगुळीत केली, आणि ती दिसायला फार सुंदर झाली.

जेवणाच्या दोन पंगती होत्या. आम्ही आत, पाटावर, तुपाचं भांडं फिरत होतं. डोंगरातली माणसं बाहेर, निंबाखाली, पत्रावळीवर. कुणाला त्यात काही वाटलं नाही, मलाही नाही. हात धुवायला बाहेर आलो तेव्हा जामसिंग पत्रावळ पुढ्यात घेऊन गॅलरीकडे तोंड करून बसला होता. बट्टी तशीच होती. सुरमी म्हणाली, "हाऊ जेवस नही. काय जाने काय त्याना डोकामा शे." मी हात धुऊन आत गेलो.

त्यानंतरचे काही आठवडे मी रोज सकाळी गॅलरीवर पाणी मारून घेत होतो. खाली टेकूंची रांग. इतर कामं चालू होती, वरचा मजला, बाहेरच्या भिंती, विटा चढत होत्या, दार-खिडक्यांच्या चौकटी बसत होत्या. जामसिंग माझ्याशी कामापुरतं बोले. मी त्याच्या चुलीशी जाणं सोडलं होतं. डबा मी गाडीवर बसून खाई. एकदा त्याने विचारलं, टेकू अजून ठेवू या का. मी म्हणालो, इंजिनिअरने सांगितलेले दिवस भरले की काढायचे. अंबालालभाईंना ट्रॅक्टर वळवायची घाई झाली होती.

टेकू काढायचा दिवस आला तेव्हा आप्पा होते. जामसिंगने सगळ्यांना बाहेर काढलं. "सगळा दूर सरका. सुरमे, तू बी. मी एकलाच काढस." आप्पा म्हणाले, "एकला काबर? दोन मानसं घे." तो म्हणाला, "नको." बाहेरच्या कडेपासून काढायला लागला, जसं काढायला हवं तसंच. एक टेकू काढायचा, थांबायचा, वर बघायचा, कान लावायचा. मी वीस पावलांवर उभा होतो आणि तो काय ऐकतोय ते मला माहीत होतं. त्या वेळीही तोंड उघडता आलं असतं. "आप्पा, थांबा, राहू द्या टेकू," एवढं पुरलं असतं. उजवीकडचे शेवटचे तीन टेकू राहिले तेव्हा भिंतीच्या मुळाशी काडी मोडावी तसा आवाज आला. तो मागे सरला. उजवी बाजू एका झटक्यात खाली आली. तो वाचला, पण उजवा हात कोपरापासून खाली त्या ढिगाखाली सापडला.

धूळ खाली बसली तेव्हा सगळ्यांनी एक गोष्ट बघितली आणि कुणाला तिचं काही वाटलं नाही. गॅलरीचा डावा तुकडा तसाच होता. खाली टेकू नाही, काही नाही, हवेत. जिथवर त्याने सळया वर ओढल्या होत्या तिथवर गॅलरी उभी होती आणि तिथून पुढे तुटली होती. त्या तुटलेल्या कडेचा अर्थ कळणारे तिथे दोनच जण होते, एक ढिगाखाली आणि एक मी.

जामसिंगला शहाद्याला नेलं. अंगणात गाव जमलं. अंबालालभाई थरथरत होते, "हाऊ काय धंदा शे? मन्हा नातू उभा ऱ्हाता तं?" आप्पांचा चेहरा काळा पडला होता. त्यांनी सगळ्यांसमोर विचारलं, "लोखंड कोन बांधेल व्हतं?" कुणीतरी म्हणालं, जामसिंगनी. मग ते माझ्याकडे वळले. "सुन्या, स्लॅब भरतांना तू उभा व्हतास. लोखंड बरोबर व्हतं?"

सुरमी तिथेच होती. तिला गाडीत जागा मिळाली नव्हती, ती दुसऱ्या गाडीची वाट बघत उभी होती. मी म्हणालो, "बरोबर व्हतं आप्पा. मी सोता तपासेल व्हतं. टेकू काढतांना त्यानीच काहीतरी गडबड करी."

सुरमीला अहिराणी चांगली समजत होती. ती माझ्याकडे बघत राहिली. तिने काही म्हटलं असतं तर कुणी ऐकलं असतं का, ते तिला माझ्यापेक्षा जास्त माहीत असावं. ती पदर खोचून गाडीच्या दिशेने चालायला लागली.

तिसऱ्या दिवशी मी दवाखान्यात गेलो. हात कोपराखाली काढून टाकला होता. तो डोळे मिटून पडला होता, मी स्टुलावर बसलो तेव्हा उघडले. मला वाटलं, आता बोलेल. वाटलं, बोलावं. शिव्या द्याव्यात, ओरडावं, म्हणजे वॉर्डातल्या लोकांना कळेल आणि मला सांगावं लागणार नाही. तो हळू म्हणाला, "भाऊ, डावा अंगनी टिकनी ना?"

"टिकनी," मी म्हणालो.

त्याने मान हलवली आणि डोळे मिटले. कामाचं बघून समाधान झालं की तो अशीच मान हलवायचा. एवढंच आमचं बोलणं. त्यानंतर आजवर नाही.

डावा तुकडा तोडायला मी दोन माणसं लावली. लवकर तोडा म्हणालो, धोक्याचं आहे म्हणालो. वरून घणाचे घाव घालणारा एक जण थांबला आणि खाली वाकून म्हणाला, "भाऊ, आठलं लोखंड तं वर शे. बरोबर शे की." मी म्हणालो, तोड. संध्याकाळपर्यंत मी तिथून हललो नाही. वाकलेल्या सळया ट्रॉलीत भरून स्वतः भंगारात घालून आलो. त्या रात्री नव्हे, दुसऱ्या दिवशी दुपारी जेवताना आप्पांनी विचारलं, आयुष्यात पहिल्यांदाच ते जेवताना बोलले, "तोडतांना काय दिसनं?" मी म्हणालो, "काहीच नही." त्यांनी हातातला घास ताटात ठेवला आणि उठले. माय म्हणाली, "जेवत काबर नही?" ते हात धुवायला मोरीत गेले आणि खूप वेळ पाणी ओतत राहिले. त्यांना कळलं होतं असं मला वाटतं. कळूनही त्यांनी मला पुन्हा विचारलं नाही, आणि विचारू नये म्हणून मी त्यांच्यासमोर एकटा कधी बसलो नाही. शेवटच्या आजारपणातही उशाशी कुणीतरी तिसरं माणूस असेल अशी काळजी घेतली. आम्हा बापलेकांचं असं झालं.

गॅलरी पुन्हा बांधली, खाली दोन खांब घेऊन. ट्रॅक्टर आजही त्यांच्यामधून नीट वळत नाही, उजव्या खांबाला मडगार्ड घासल्याच्या खुणा आहेत. आणि जामसिंगचं नाव शहादा, तळोदा, सगळीकडे फिरलं. "तो, गॅलरी पाडेल व्हती तो." त्याच्या गावातल्या इतर लोखंडवाल्यांनाही दोन-तीन हंगाम कुणी लोखंडाला हात लावू दिला नाही, खडी-विटांवर घेत. तो वर डोंगरात परतला. सुरमी दर वर्षी टोळीबरोबर गुजरातेत ऊस तोडायला जाऊ लागली. एकदा तळोद्याच्या बाजारात जीपच्या टपाशी मी त्याला बघितलं. डाव्या हाताने मिठाची पिशवी वर देत होता. मी भांड्यांच्या दुकानात शिरलो आणि जीप सुटेपर्यंत एक कढई उलटसुलट करत उभा राहिलो. दुकानदार कंटाळला, तेव्हा ती विकत घेतली. ती घरात आहे. बायको तिच्यात शेव तळते.

मी मोठा झालो. या भागात बाहेर काढलेलं काम, छज्जा, गॅलरी, पोर्च, माझ्याइतकं कुणी जपून करत नाही असं लोक म्हणतात. लोखंडावर मी कुणालाही पाय ठेवू देत नाही. आता तर घरमालक मोबाइल घेऊन चढतात, सेल्फी काढायला. मी फळ्या टाकल्याशिवाय कुणाला वर सोडत नाही. पहिलं घमेलं आतल्या कोपऱ्यातच पडतं, मग ते कोणाचीही लक्ष्मी असो. माझ्या तोंडावर हसतात, खडूस म्हातारा म्हणतात. म्हणोत. पण त्यांना वाटतं ही माझी हुशारी आहे. ही जामसिंगची आहे, आणि तिच्यावर नाव मी माझं लावलं आहे.

गेल्या हिवाळ्यात शहाद्याच्या साइटवर एक माणूस काम मागायला आला. तिशीचा, नीटनेटका शर्ट, आश्रमशाळेत शिकलेला असावा, कारण आमच्यासारखं नाही, पुस्तकातल्यासारखं मराठी बोलत होता. "मला लोखंड बांधता येतं. वडिलांनी शिकवलंय," म्हणाला. मुकादमाने गाव विचारलं, बापाचं नाव विचारलं. तो म्हणाला, "जामसिंग पावरा." मुकादम माझ्याकडे बघून हसला, "भाऊ, हाऊ त्या ब्राह्मणपुरीनी गॅलरीवालाना पोऱ्या." तो माणूस ताठ उभा राहिला. हे त्याने पहिल्यांदा ऐकलं नव्हतं. माझ्या तोंडावर म्हणाला, "माझे वडील म्हणतात, ते लोखंड त्यांनी बरोबर बांधलं होतं."

मी त्याच्याकडे बघितलं. डोळे बापाचे. मी म्हणालो, "लोखंडाची माणसं भरलीत आता. विटांवर बघ काम करायचं तर." तो म्हणाला, "विटा मला नकोत," आणि गेला. रस्त्याला लागेपर्यंत मी त्याची पाठ बघितली. त्यानंतर काही वेळ साइटवर बांधणीची कट्ट-कट्ट चालू होती, आणि मला प्रत्येक गाठ सैल बसल्यासारखी वाटत होती.

बाविसाव्या वर्षी मी जे केलं त्याला वय होतं, आप्पांचा धाक होता, असं मनाला सांगता यायचं. गेल्या हिवाळ्यात मी बावन्नचा होतो. धाक कुणाचा नव्हता. तरी तेच केलं.

हे लिहिलं म्हणजे झालं, असं मी मानत नाही. जामसिंगला वाचता येत नाही. त्याच्या मुलाला येतं, पण त्याला हे कागदावर वाचून कळावं ही आणखी एक पळवाट झाली. मी ब्राह्मणपुरीत, त्या दोन खांबांसमोर, अंबालालभाईंच्या मुलांना आणि गावाला बोलावून, जामसिंग, सुरमी आणि त्यांचा मुलगा समोर असताना, मोठ्याने सांगायला हवं, की लोखंड त्याने बरोबर बांधलं होतं, ते मी लोकांना उभं करून दाबलं, त्याने मला थांब म्हटलं होतं आणि मी थांबलो नाही. ते मी अजून सांगितलेलं नाही.